बादलच्या पाठीवरची हवेली

ममता आडे जन्मली त्या दिवशी तिचं रडनं आयकून दारव्ह्याहून आर्णीले जानारी येस्टी फाट्यावर थांबली होती, असं तिच्या बंजारा तांड्यात सांगतात. डायवर खाली उतरला, पुढं पाह्यलं, मागं पाह्यलं, अन् हॉर्न कोनी वाजवला म्हनून कंडक्टरसंगच भांडला. त्या येस्टीतली मान्सं साक्षीले अजून जिवंत हायेत म्हने. फक्त ते कोन्या गावचे, हे कोनाले आठवत नाही.

येस्टीचं जाऊ द्या, पन आवाज होता तसाच. शाळेत तिले प्रार्थना म्हनाले उभी केली, तं त्या वर्षापासून गुरुजीनं पंधरा ऑगस्टले स्पीकर भाड्यानं आननं बंद केलं. यवतमाळले कॉलेजात गेली तवा दुर्गोत्सवात एका मंडळात गायली. शेजारच्या मंडळातली सारी गर्दी आपल्या देवीले पाठ दाखवून इकडं आली, अन् दोन मंडळांत अबोला धरला गेला तो अजून सुटला नाही. तिथून टीव्हीवरची गान्याची स्पर्धा. शेवटच्या फेरीच्या उंबऱ्यापर्यंत पोट्टी गेली, आत गेली नाही. पन त्या उंबऱ्यावरच भाटिया मॅडमनं तिले पाह्यलं. भाटिया मॅडम म्हंजे मालिका काढनारी बाई. तिनं विचारलं, कॅमेऱ्याले घाबरतेस का. आता जी पोट्टी सातवीपासून होळीले काठी घेऊन तांड्यातल्या मर्दांच्या मागं लागते, ती त्या काचेच्या डोळ्याले काय भेनार. ममता म्हनाली, नाही.

मालिकेचं नाव 'सात गावची सून'. ममताले तांड्यातल्या पोरीचं काम देलं, चांदनी नावाचं. पहिल्या महिन्यात ती फक्त पान्याचा ट्रे घेऊन येत होती. पन ट्रे असा आने का पाहनाऱ्याले तहान लागे. बायांनं घरोघरी विचारनं सुरू केलं, का ते ट्रेवाली आज काहून नाही आली. हळूहळू ट्रे दुसरीच्या हातात गेला अन् चांदनी सोफ्यावर बसली. आता तं मालिका तिच्याच नावानं चालून राह्यली होती. यवतमाळच्या एका साडीच्या दुकानावर तिचा फोटो लागला होता, दारापेक्षा मोठा.

एवढं सगळं मिळालं, अन् एक गोष्ट काढून घेतली गेली. आवाज.

म्हंजे बोलाचा आवाज तिचाच होता. पन चांदनी गानं म्हने, तवा ओठ ममताचे अन् गळा मुंबईच्या एका नावाजलेल्या गायिकेचा. गान्याच्या कंपनीसंग मॅडमचा तसा करार होता. ममतानं दर गान्याच्या वेळी विचारलं, अन् दर वेळी पुढच्या वेळी पाहू म्हनून उत्तर आलं. तिचं त्या गायिकेसंग काही भांडन नव्हतं. बाई गोड गाये, साखरेच्या पाकासारखं. पन तांड्यात सगळे टीव्हीपुढं बसत, अन् तो पाक म्हंजे आपल्या ममताचाच आवाज समजत. बाया म्हनत, मुंबईचं पानी लागलं, पोरीचा गळा बारीक झाला. तिची याडी, म्हंजे माय, पुष्पाबाई, तिनं तं काळजीनं जेष्ठमधाचा पुडकाच पार्सलनं पाठवला होता, किलोभर. ममतानं ते जेष्ठमध मुंबईत खोलीच्या खिडकीत ठेवलं. खरं काय ते सांगाले तिची जीभ रेटत नव्हती. जिच्या आवाजानं येस्टी थांबली, तिनं कसं सांगाव का माझ्या तोंडात दुसरीच गाते.

तं यंदा मालिकेत चांदनीचं पुन्हा लग्न निघालं. मॅडमनं ठरवलं का लग्नाचं शूटिंग खऱ्या तांड्यात करावं, अन् खरा तांडा म्हंजे मंग ममताचाच. तुरी कापून झाल्या होत्या, वावरं मोकळी होती. मुंबईहून गाड्या आल्या, दिवे आले, छत्र्या आल्या, अन् दिग्दर्शक चिटनीस साहेब आले. मानूस चांगला. उन्हानं लाल झाला, पन कोनावर ओरडला नाही.

लग्नातला शेवटचा शॉट होता हवेलीचा. हवेली म्हंजे बंगला नव्हे, हवेली म्हंजे गानं. जुन्या रीतीत नवरी तांडा सोडून निघते, तवा तिले सजवलेल्या बैलाच्या पाठीवर उभी करतात. बसवत नाहीत, उभी करतात. दोन बाजूनं दोन बाया तिले धरतात, अन् ती दोन्ही हात वर करून बापाच्या घराले, भावाच्या वेलीले, नायकाच्या, म्हंजे मुखियाच्या, तांड्याले बरकत मागते. एकेकाचं नाव घेऊन गाते. ज्याचं नाव येते त्याले रडू येते. आता नवऱ्या कारमध्ये बसून जातात, तरी जुन्या बायांच्या गळ्यात हवेली अजून हाये. ममताले ते बिजलीबाईनं शिकवलं होतं. बिजलीबाई तांड्यातली सगळ्यात जुनी बाई. तिचं वय कोनालेच माहीत नाही, कारन विचारनारे तिच्याआधी मेले.

मुंबईत त्या हवेलीवर गानं लिहून, बांधून, त्या गायिकेकडून गाऊन आनलं होतं. त्यात पिंजरा होता, पाखरू होतं, चांद होता. नाव एकाचंही नव्हतं. ममतानं आदल्या दिवशी चिटनीस साहेबाले पुन्हा विचारलं, हे तरी मी गाऊ का. साहेबानं तिच्या खांद्यावर हात ठेवला अन् म्हनाले, "गाणं तयार आहे गं. तू फक्त ओठ हलव, बाकी सगळं डोळ्यांत आण." ममता हो म्हनाली. पन त्या हो नंतर तिचं जेवनावर मन लागलं नाही. मुंबईत ओठ हलवनं येगळं. इथं याडीपुढं, बिजलीबाईपुढं, खऱ्या हवेलीच्या जागेवर मुकं उभं राहाचं, अन् स्पीकरमधून दुसरीचा आवाज निघनार. तांड्याले मंग कळलं तरी वाईट अन् नाही कळलं तरी वाईट.

बैल आनाचं काम तिचा काका नेमसिंगकडं होतं. गावात आता ट्रॅक्टर हायेत, बैल मोजकेच. नेमसिंगनं ठरवलं, पोरगी टीव्हीवर दिसनार तं बैल का मागं राहावा. त्यानं आपला बादल आनला. पांढरा शुभ्र, शिंगं तेलानं चमकून राह्यलेली, खांदा असा का त्याच्यावर खाट टाकून दोघं झोपतील. बादल शंकरपटातला बैल होता. पट म्हंजे बैलांची शर्यत, अन् बादल त्यातला राजा. कोन्या गावचा पट त्यानं मारला नाही, ते गाव नकाशात शोधावं लागते. सकाळपासून साऱ्या वरातीचे शॉट त्याच्यावर झाले. बादल देवासारखा शांत. साहेब म्हनाले, काय गुनी जनावर हाये. नेमसिंगची छाती अशी फुगली का सदऱ्याचं बटन चिटनीस साहेबाच्या चहात पडलं.

दुपार कलली तसं ममताले बादलच्या पाठीवर चढवलं. अंगात फेटिया अन् कांचळी, म्हंजे आमचा घागरा अन् चोळी, डोक्यावर आरशांची ओढनी. एका बाजूनं तांड्यातल्याच जमनीनं धरलं, दुसऱ्या बाजूनं सोनीबाईनं. तांडा सारा जमला. साहेबानं हात वर केला अन् स्पीकर सुरू झाला.

आता स्पीकर लावला का आधी खर्र होते. अन् पटाच्या मैदानावरही जोडी सोडाच्या आधी स्पीकर असाच खर्र करते. एवढी साधी गोष्ट नेमसिंगच्या ध्यानात आली नव्हती, कारन त्याच्या डोक्यात बैलाचं रूप होतं, बैलाचं डोकं नव्हतं.

बादलनं खर्र आयकलं अन् सुटला. जमनी इकडं पडली, सोनीबाई तिकडं, कॅमेरावाला छत्रीसकट झुडपात. ममता मात्र पाठीवर उभीच. दोन्ही हात वर, ओढनी मागं झेंड्यासारखी. तुरीच्या खुटांतून, पांदनीतून, रस्त्यावर. आर्णीले जानारी काळी पिवळी जीप भरून चालली होती, तिले बादलनं डाव्या बाजूनं काढलं. जीपमधल्या बायांनं हात जोडले अन् एकीनं नवस बोलला, तो पुढं फळलाही म्हने. नाल्यापाशी, जितकं अंतर पटात पळा लागते बरोबर तितकं झाल्यावर, बादल आपोआप थांबला अन् मान वळवून पाह्यलं, का बक्षीस कुठं हाये.

नेमसिंग धापा टाकत आला अन् पहिलं बैलाले विचारलं, लागलं का रे. मंग पुतनीले.

ममता खाली उतरली नव्हती. तिथंच पाठीवर उभी राहून तिनं काकाले विचारलं का हा पळाला कशानं. नेमसिंगनं खालच्या मानेनं सांगतलं, स्पीकरनं. "अन् स्पीकर नसला तं?" ममतानं विचारलं. तं म्हने, मंग त्याच्या पाठीवर भाकरी भाज, हालनार नाही.

त्या क्षनाले ममताचं डोकं बादलपेक्षा जोरात पळालं.

तांड्यात परत आली तवा चिटनीस साहेब डोकं धरून बसले होते. बैल बदलता येत नव्हता, सकाळपासून तोच दिसून राह्यला होता. स्पीकर पुन्हा लावाची कोनाची हिंमत नव्हती. जमनी कंबर चोळत होती अन् सांगत होती का आता बैलाले नाही, त्या डब्यालेच बांधा. ममतानं साहेबाले सरळ सांगतलं, स्पीकर बंद ठेवा, मी गाते, शॉट घ्या, मंग मुंबईत पाहिजे त्याचा आवाज बसवा. साहेबाले ते पटलं. फक्त ते म्हनाले का शब्द लिहिलेलेच ठेव, चालही तीच, नाही तं वरून आवाज बसनार नाही. ममतानं ओढनी सारखी केली. हो ही म्हनाली नाही अन् नाही ही.

आता तिच्याजवळ दोन रस्ते होते, अन् दोन्ही तिले स्वच्छ दिसत होते. पाखरू अन् पिंजरा गायलं, तं शॉट बसन, मॅडम खुश, अन् आपला आवाज मुंबईत पुसून टाकतील. खरी हवेली गायली, तं त्याच्यावर दुसरा आवाज बसूच शकनार नाही. पन करार मोडला म्हनून चांदनीले उद्या ताप येईल, परवा ती मरन, अन् ममता तिसऱ्या दिवशी फाट्यावर येस्टीची वाट पाहीन. मालिकेत मान्सं अशीच मरतात, ते तिनं पाह्यलं होतं.

साहेबानं हात वर केला. ममतानं पहिली ओळ लिहिलेलीच घेतली. समोर तिची याडी उभी होती, हातात मोबाईल धरून. शूटिंग पाहातात तशी पाहून राह्यली होती, शेजारनीले हळूच काही सांगत. जशी काही ते पाठीवरची पोरगी कोना दुसऱ्याची.

ममतानं दुसरी ओळ घेतली नाही. एक दम घेतला, अन् तांड्याच्या गोर बोलीत पुष्पाबाईचं नाव घेतलं.

मोबाईल खाली पडला. त्याच्यामागं आवाज निघाला तो काही पाक नव्हता. तो आवाज तांड्याच्या एका टोकापासून दुसऱ्या टोकाले गेला अन् टेकडीले लागून परत आला. ममतानं बापाच्या उंबऱ्याले बरकत मागतली, भाऊ शामच्या वेलीले मागतली, काका नेमसिंगच्या गोठ्याले मागतली. नेमसिंग बादलच्या गळ्यात पडून रडाले लागला. गोविंदा नायक, ज्याले बाप मेल्यावरही कोनी रडताना पाह्यलं नव्हतं, त्यानं पागोट्याच्या शेवानं डोळे पुसले. अन् बायांचं काय सांगाव. त्याइले साहेबानं बजावलं होतं का तुमी फक्त मागं उभं राहाचं. पन हवेलीले मुक्यानं उभं राहाची सवय कोनाले हाये. बिजलीबाईनं मागून सूर धरला, त्याच्यामागं साऱ्याइनं. साहेब कट म्हनले असतील तं ते कोनी आयकलं नाही. बादल जागचा हालला नाही, फक्त कान हलवले. आवाज रेकॉर्ड करनारा मानूस कानावरचे ते डबे दोन्ही हातानं दाबून बसला होता, अन् त्याची माय जळगावची का कुठची, तिची आठवन येऊन तोही हुंदके देऊन राह्यला होता.

गानं संपलं. साहेबानं चष्मा पुसला अन् म्हनाले का ममता, असं मी आयुष्यात आयकलं नाही, पन हे मले वापरता येत नाही, शब्दच येगळे हायेत. पुन्हा एकदा घेऊ, लिहिलेल्या शब्दांनी. सूर्य हाये अजून.

ममतानं एकदा हिंमत केली होती. दुसऱ्यांदा नाही म्हनलं असतं, तं ते सरळ भांडन झालं असतं. ती तोंड उघडनार, तेवढ्यात बिजलीबाई काठी टेकत पुढं आली.

"साहेब, आता होत नाही," ते म्हनाली. "हवेली एकाच डाव गातात. गायली ते पोरगी निघाली. निघालेलीले आमी पुन्हा काढत नाही."

असा कायदा तांड्यात आजवर कोनीच आयकला नव्हता. ममतालेच बिजलीबाईनं लहानपनी दिवसातून कितीक डाव हवेली गावाले लावली होती, भाकरी थापता थापता. पन बिजलीबाईचा चेहरा देवळाच्या दगडासारखा. साहेबानं गोविंदा नायकाकडं पाह्यलं. नायकानं बिजलीबाईकडं पाह्यलं. बिजलीबाईनं त्याच्याकडं पाह्यलं, अन् तिच्याकडं त्याच्या लहानपनच्या लय गोष्टी होत्या. नायकानं घसा खाकरला अन् सांगतलं का हो, बापजाद्यापासून असंच हाये.

इथंच थांबले असते तं बरं झालं असतं. पन तांड्यातली मान्सं एकदा मदतीले आली का अर्धी मदत करत नाहीत. सोनीबाईनं सांगतलं, दुसऱ्यांदा गायलं तं बैल चारा सोडते. शामनं सांगतलं, विहिरीचं पानी खाली जाते. अन् जमनी, जिची कंबर दुखत होती अन् जिले साऱ्याइच्या वरचं काही सांगाचं होतं, ते म्हनाली का साहेब, पान्याचं काय घेऊन बसले, हवेली गायलेली पोरगी मायच्या घरात पाय सुद्धा ठेवत नाही. आता ममताले तांड्यात पान्याचा घोट नाही.

सगळ्याइनं माना हलवल्या. मंग एकेकाच्या ध्यानात आलं का आपन कशावर मान हलवली.

साहेब लय भारावले. त्याइनं दोन्ही हात जोडले अन् म्हनाले का तुमच्या परंपरेचा मी मान ठेवीन. दुसरा टेक नको. ममताची सोय यवतमाळच्या हॉटेलात, आत्ताच. पुष्पाबाईनं पहाटेपासून लेकीसाठी मटन शिजवलं होतं, चुलीजवळ बाट्या थापून ठेवल्या होत्या. तिनं जमनीकडं असं पाह्यलं का जमनीची कंबर दुखाची थांबली. पन साहेबाच्या समोर आता कोन काय बोलन. ममता बैलावरून उतरली ते सरळ साहेबाच्या गाडीत. मालिकेत ती याआधी दोनदा नवरी झाली होती, एका डावात तं पळूनही गेली होती. पन गाडी सुरू झाली अन् बाया मागं राह्यल्या, तवा तिचं मन खरंच भरून आलं, अन् ह्या वेळी कॅमेरा बंद होता.

गाडी शिवेवरच्या कडुलिंबापाशी आली तं पुढं पुष्पाबाई उभी. आडवाटेनं पळत आली होती, डोक्यावर डबा. तिच्यामागं बिजलीबाई, शामच्या मोटरसायकलवर. बिजलीबाईनं गाडीच्या खिडकीतून साहेबाले समजावून सांगतलं का शिवेच्या बाहेर बसून जेवलं तं चालते, हा त्या कायद्यातलाच दुसरा भाग होय, मघा सांगाचा राह्यला.

मंग मायलेकी शिवेच्या दगडाच्या दोन बाजूले बसल्या, अन् डबा दगडावर. साहेबालेही बाटी देली. ममता जेवत होती अन् माय पाहून राह्यली होती.

"काय वं," पुष्पाबाई म्हनाली, "तुहा गळा तं जसाचा तसा हाये. मंग टीव्हीत गाते ते कोन?"

"दुसरी बाई हाये, याडी. माहे फक्त ओठ राहातात."

पुष्पाबाईनं एक बाटी मोडली. लेकीच्या पुढं रस्सा सरकवला. "मंग ते जेष्ठमध त्या बाईले दे," ते म्हनाली, अन् पदरानं तोंड पुसता पुसता डोळेही पुसून घेतले.

तांड्यात मोबाईलची रेंज येत नाही, कडुलिंबापाशी येते. साहेबानं तिथूनच तो शॉट भाटिया मॅडमले पाठवला होता. फोन वाजला. साहेबानं स्पीकरवर टाकला. मॅडम म्हनाल्या, पाहिलं, ऐकलं, अंगावर काटा आला, हाच ठेवायचा. ममताचा हात डब्यातच थांबला. पन मॅडम पुढं म्हनाल्या का एक अडचण आहे, नाव मात्र कंपनीच्या गायिकेचंच द्यावं लागेल, करार तसा आहे.

ममतानं तोंडातला घास गिळला. मुंबईत शिकलेली साफ बोली काढली, अन् मान ताठ केली.

"मॅडम, त्या गाण्यात माझ्या आईचं नाव आहे. ते दुसऱ्या कोणाच्या नावावर जाणार नाही. माझा आवाज ठेवायचा तर खाली माझं नाव लिहा. नाहीतर दोन्ही काढा, आणि मला बैलावर मुकी दाखवा."

साहेब बाटी चावाची विसरले. पुष्पाबाईले ते बोलनं अर्धंच समजलं, पन लेकीची मान समजली, अन् तिनंही आपली मान तशीच केली.

मॅडम हसल्या. म्हनाल्या, "बरं बाई. लिहिते तुझं नाव. कंपनीचं मी पाहते. आणि पुढच्या महिन्यात चांदणी अंगाई म्हणणार आहे, स्टुडिओत वेळेवर ये."

फोन बंद झाल्यावर ममतानं पुन्हा डब्यात हात घातला अन् अजून एक बाटी मागतली. बिजलीबाई दगडाले टेकून बसली होती, डोळे मिटून, जशी काही तिचा ह्या साऱ्याशी संबंधच नाही.

चिटनीस साहेब मात्र कागद काढून पाहात बसले. मंग घाबरत घाबरत त्याइनं ममताले विचारलं का उद्या सकाळचा सीन तं बापाच्या अंगनातला हाये, अन् हवेली गायलेल्या पोरीले तांड्यात पाय ठेवता येत नाही, आता कसं कराव.

ममतानं बोटं चाटली अन् बिजलीबाईकडं पाह्यलं. बुढीनं डोळे उघडले नाहीत, पन ओठ हलाले लागले होते. कायद्याचा तिसरा भाग तयार होऊन राह्यला होता.